जुनी ९७ नंबर आणि तबकडीवर राहिलेला हुकूम

अपघात झाला की पहिले निवेदन प्रशासनाचे निघते. डबे अजून रुळाबाहेर आडवे पडलेले असतात, जखमींची नावे पुरती कळलेली नसतात, आणि 'मानवी चूक' हे दोन शब्द वर्तमानपत्रांच्या कचेऱ्यांत जाऊन पोहोचलेलेही असतात. हा 'मानव' बहुधा ड्रायव्हर असतो, आणि पुष्कळदा उत्तर द्यायला तो जिवंत नसतो. रेल्वेतल्या आणि टपाल खात्यातल्या साथींना यात नवे काही नाही. पण अमेरिकेत अशाच एका निवेदनाला एका गाण्याने उत्तर दिले आणि ते उत्तर लाखो घरांत ग्रामोफोनवर वाजले, ही हकीकत आपल्याकडे फारशी कोणाला ठाऊक नाही. ती रेल्वेची आहे तशीच टपालाचीही आहे, म्हणून ती या पानांवर सांगायला हवी.

अमेरिकेच्या दक्षिण भागात सदर्न रेल्वे नावाची खाजगी कंपनी होती. १९०२ च्या डिसेंबरात तिने वॉशिंग्टनहून दक्षिणेकडे जाणारी एक खास टपालगाडी सुरू केली. तिचा नंबर ९७. हिला उतारूंचे डबे नव्हते. टपालाचे डबे, एक्स्प्रेस पार्सलचा डबा आणि पुढे इंजिन, एवढाच संसार. डब्यात डाक-लिपिक उभ्याने पत्रांचे वर्गीकरण करीत जात. आपल्याकडे आर.एम.एस.च्या धावत्या सेक्शनमध्ये ज्यांनी रात्री काढल्या, त्या जुन्या मंडळींना हे चित्र वेगळे समजावून सांगायला नको. टपाल नेण्यासाठी सरकारकडून कंपनीला वर्षाला सुमारे १,४०,००० डॉलर मिळत. करारात एक कलम होते : गाडी उशिरा पोहोचली तर दंड. हे कलम वाचकांनी ध्यानात ठेवावे. पुढची सगळी कथा त्याच्यावरच उभी आहे.

२७ सप्टेंबर १९०३, रविवार. गाडी व्हर्जिनिया राज्यातील मोन्रो स्टेशनात आली तेव्हा तास भर लेट होती. तेथे इंजिनावरची माणसे बदलली आणि जोसेफ ब्रॉडी हा तेहेतीस वर्षांचा ड्रायव्हर चढला. मोन्रो ते स्पेन्सर हे १६६ मैलांचे अंतर वेळापत्रकाप्रमाणे सव्वाचार तासांत, म्हणजे ताशी ३९ मैलांच्या सरासरीने कापायचे होते. तासाचा उशीर भरून काढायचा तर तेच अंतर सव्वातीन तासांत, ताशी ५१ मैलांनी कापावे लागणार. आपल्या हिशोबात सांगायचे तर ताशी ६३ किलोमीटरऐवजी ८२. रस्ता सपाट असता तर गोष्ट निराळी. पण हा मार्ग वळणांचा आणि चढ-उतारांचा, आणि सदर्नमध्ये नुकताच आलेल्या ब्रॉडीला तो अंगवळणी पडलेला नव्हता.

डॅनव्हिल शहराजवळ मोठा उतार संपता संपता वळण लागे आणि वळणावर स्टिलहाउस नावाचा लाकडी खांबांवरचा उंच पूल होता. गाडी वळणावर रूळ सोडून खालच्या नाल्यात कोसळली. गाडीवर अठरा माणसे होती, त्यांपैकी अकरा दगावली. ड्रायव्हर गेला, फायरमन गेले, आणि लाकडी डब्यांत वर्गीकरण करीत उभे असलेले डाक-लिपिकही गेले.

कंपनीने दोष ब्रॉडीच्या माथी मारला. गाडी ताशी सत्तर मैलांहून अधिक वेगाने उतारावर आली असे कंपनीचे म्हणणे, आणि वेळ भरून काढण्याचा हुकूम आपण दिलाच नव्हता अशी वर मखलाशी. डोळ्यांनी पाहणाऱ्या कित्येकांनी वेग पन्नास मैलांच्या आसपास सांगितला. तोही त्या वळणाला जादाच होता, हे मान्य करू. ब्रॉडीचा हात रेग्युलेटरवर होता, हेही कोणी नाकारीत नाही. प्रश्न एवढाच की तो हात तेथवर कोणी नेला? दंडाचे कलम ब्रॉडीने लिहिले नव्हते, आणि वेळापत्रकही त्याने आखले नव्हते. 'वेळ काढा' असे दररोज सांगणारे आणि 'वेग का वाढवला' असे एके दिवशी विचारणारे कार्यालय एकच असते. रनिंग स्टाफच्या नोकरीतली ही जुनी गोम आहे.

कंपनीच्या निवेदनाने प्रकरण मिटले असते. इंजिन दुरुस्त होऊन पुन्हा कामाला लागले आणि ९७ नंबरची गाडी पुढे १९०७ पर्यंत धावली. पण त्या भागातल्या माणसांनी अपघातावर गाणे रचले. चाल नवी नव्हती. हेन्री क्ले वर्क या गीतकाराने १८६५ साली परत न आलेल्या एका जहाजावर गाणे केले होते, त्याचीच चाल लोकांनी उचलली. शब्द कोणाचे यावर पुढे वाद झाला. पुलाजवळच्या कापड गिरणीत काम करणारा फ्रेड लेवी आणि चार्ल्स नोएल यांची नावे त्यात येतात. वीस वर्षे हे गाणे तोंडोतोंडी फिरले. कोणी कडवे घातले, कोणी गाळले. आपल्याकडे पोवाडे आणि जात्यावरच्या ओव्या अशाच फिरल्या.

१९२३ च्या डिसेंबरात व्हर्जिनियाच्याच फ्राइज गावातील गिरणी कामगार हेन्री व्हिटर न्यूयॉर्कला गेला आणि ओके कंपनीसाठी त्याने हे गाणे गिटार व माउथ ऑर्गनच्या साथीने गायले. त्याचा आवाज घोगरा, उच्चार खेड्यातला, शब्द नीट कळायचे नाहीत. पण तबकडी खपली. शहरी कंपन्यांना तोवर असे वाटत होते की खेड्यातला आणि गिरणीतला माणूस तबकडीवर पैसे खर्च करणार नाही. व्हिटरसारख्या दोन-तीन गायकांनी हा समज खोटा ठरवला.

मग व्हर्नन डलहार्ट पुढे आला. हा टेक्सासचा, खरे नाव मॅरियन ट्राय स्लॉटर. टेक्सासमधल्या दोन गावांची नावे जोडून त्याने आपले नवे नाव केले होते. शिक्षण शास्त्रोक्त गाण्याचे, उमेदवारी ऑपेरात. पण त्याचा धंदा बसत चालला होता. त्याने व्हिटरची तबकडी ऐकून गाणे उतरवून घेतले, आधी एडिसन कंपनीसाठी गायले, आणि १३ ऑगस्ट १९२४ रोजी व्हिक्टर कंपनीसाठी पुन्हा गायले. भोंग्यासमोर कान देऊन बसलेल्या कुत्र्याचे चित्र आपण एच.एम.व्ही.च्या तबकड्यांवर पाहिले आहे. अमेरिकेत तेच चित्र व्हिक्टरचे. एका बाजूला जुनी ९७, दुसऱ्या बाजूला एका कैद्याचे विरहगीत, अशी ही १९४२७ क्रमांकाची तबकडी त्याच वर्षी बाजारात आली.

तिचा खप दहा लाखांवर गेला. ज्याला आज 'कंट्री' संगीत म्हणतात त्यातली एवढी खपलेली ही पहिली तबकडी मानली जाते. काहींनी खपाचा आकडा पुढे सत्तर लाखांपर्यंत नेला आहे, पण कंपन्यांच्या जाहिरातीतले आकडे आणि प्रशासनाचे आकडे यांवर विश्वास किती ठेवावा हे आपल्याला ठाऊक आहे. दहा लाख हा आकडाही लहान नाही. खरे तर कैद्याचे गाणेच अधिक लोकप्रिय झाले, आणि त्याच्या पाठीवर बसून ९७ नंबरची गाडी घरोघर गेली. पण ती गेली आणि राहिली. पुढे जॉनी कॅशसारख्या मोठ्या गायकांनीही ती गायली.

सुशिक्षित शहरी वर्गाला हे पटले नाही. १९२६ साली न्यूयॉर्कच्या 'व्हरायटी' या करमणूक व्यवसायाच्या पत्राने या संगीताची आणि ते ऐकणाऱ्यांची अडाणी म्हणून यथेच्छ टर उडवली. 'हिलबिली', म्हणजे डोंगरातला गावंढळ, हे नाव त्या संगीताला चिकटले. तमाशाला आणि शाहिरीला नाके मुरडणारा वर्ग आपल्याकडेही होता. पण ज्या गोष्टीला ते हसत होते, ती गोष्ट त्यांच्या स्वतःच्या वर्तमानपत्रांनी सांगितली नव्हती.

ती गोष्ट कोणती? गाण्याची सुरुवात पुलाने होत नाही, वेगानेही होत नाही. सुरुवात होते मोन्रो स्टेशनात ड्रायव्हरला दिलेल्या हुकमाने : गाडी लेट आहे, स्पेन्सरला ती वेळेवर गेली पाहिजे. म्हणजे कंपनीने जो हुकूम दिलाच नाही म्हणून सांगितले, तो हुकूम गाण्याच्या तोंडाशी आहे. पुढे उतार, ब्रेक, वळण, मरण, सगळे त्या हुकमाच्या मागून येते. ज्याने ही ओळ पहिली घातली त्याला रेल्वेचे काम कसे चालते हे नेमके माहीत होते. कंपनीचे निवेदन आज इतिहास धुंडाळणाऱ्यांखेरीज कोणी वाचीत नाही. हुकूम मात्र अजून गायला जातो. या तबकडीची माझ्या मते खरी कमाई खपाच्या आकड्यात नाही, येथे आहे.

पण या तबकडीची आरती ओवाळून थांबलो तर आपण स्वतःचीच फसवणूक करू. तिच्यात तीन उणिवा आहेत, आणि तिन्ही आपल्या कामाच्या आहेत.

पहिली उणीव ऐकण्यातली. मूळ गाण्यात उतारावर ड्रायव्हरचा एअरब्रेक जातो. उतारावर पुन्हा पुन्हा ब्रेक लावला आणि सोडला की नळीतला दाब कमी होत जातो आणि ऐन वेळी ब्रेक धरीत नाही, हे इंजिनावरच्या माणसाला शिकवावे लागत नाही. पण व्हिटरच्या तबकडीत शब्द अस्पष्ट. डलहार्टने 'एअरब्रेक' ऐवजी 'अ‍ॅव्हरेज' ऐकले आणि तसेच गायले. ब्रेक जायच्या जागी सरासरी गेली! ऐकणाऱ्या लाखोंना काही खटकले नाही, कारण त्यांच्यातल्या बहुतेकांनी इंजिनात पाय ठेवलेला नव्हता. अपघाताचे तांत्रिक कारण होते ते एका शब्दाच्या चुकीने पुसले गेले. कामगाराची साक्ष दुसऱ्याने उतरवून घेतली की असे होते. चौकशीत जबाब देऊन, लिहिलेले न वाचता खाली सही करणाऱ्या प्रत्येक साथीने हे ध्यानात ठेवावे.

दुसरी उणीव पैशाची. तबकडी गाजल्यावर, १९२७ साली, डेव्हिड ग्रेव्हज जॉर्ज हा व्हर्जिनियाचाच माणूस पुढे आला. त्याने रेल्वेत ब्रेक्समन आणि तारबाबू म्हणून काम केले होते, आणि गाणे मी रचले असा त्याचा दावा होता. व्हिक्टर कंपनीवर त्याने फिर्याद केली. १९३३ साली खालच्या न्यायालयाने त्याच्या बाजूने कौल दिला आणि पुढे भरपाईची रक्कम सुमारे ६५,००० डॉलर ठरली. कंपनी अपिलात गेली. मामला मुदतीच्या मुद्द्यावर सुप्रीम कोर्टापर्यंत जाऊन परत आला, आणि शेवटी १९३९ साली अपील न्यायालयाने कंपनीच्या बाजूने निकाल दिला. जॉर्जने पुराव्यादाखल दिलेला कागद तबकडीवरूनच उतरवलेला दिसतो, असे न्यायालयाचे मत पडले. डलहार्टचे शब्द त्या कागदात जसेच्या तसे होते. पुराव्यापुरता निकाल बरोबर असेलही. पण निष्पन्न काय झाले? अकरा माणसे मेली, गिरणी कामगारांनी आणि रेल्वे कामगारांनी गाणे रचले आणि जपले, आणि मोठा नफा तबकडीच्या कंपनीकडे राहिला. शिवाय कंपन्यांना चटक लागली ती वेगळीच. १९२५ साली केंटकीत फ्लॉइड कॉलिन्स नावाचा माणूस गुहेत अडकून मेला. तबकडीच्या व्यापाऱ्याने लगोलग त्यावर गाणे लिहवून घेतले आणि लिहिणाऱ्याला पंचवीस डॉलर देऊन वाटेला लावले. ते गाणेही डलहार्टने गायले आणि तेही खपले. दुसऱ्याचे मरण हा बाजारातला माल झाला.

तिसरी उणीव मला सर्वांत मोठी वाटते. गाणे ड्रायव्हरचे आहे, डाक-लिपिकांचे नाही. त्यांना एक कडवेही मिळाले नाही. आणि शेवटी गाणे हुकूम देणाऱ्याकडे वळत नाही, बायकांकडे वळते : नवऱ्याला टाकून बोलू नका, तो परतेलच असे नाही, असा उपदेश करून संपते. हा उपदेश ऐकून घरोघर डोळे पुसले गेले असतील. पण ब्रॉडीला घाई घरातून झाली नव्हती. हुकमाने सुरू झालेले गाणे चुलीपाशी येऊन थांबले आणि कंपनीचे कार्यालय निवांत राहिले.

मग डाक-लिपिक स्वतः का बोलले नाहीत? त्यांच्या तोंडाला कुलूप होते म्हणून. १९०२ च्या जानेवारीत अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी फर्मान काढले होते की सरकारी नोकराने, एकट्याने किंवा संघटनेमार्फत, पगारवाढीसाठी वा कायद्यासाठी संसदेकडे जायचे नाही. गेला तर नोकरी गेली. लाकडी टपालडबे अपघातात काड्यापेटीसारखे मोडतात हे प्रत्येक लिपिकाला दिसत होते, पण ते कायदे करणाऱ्यांच्या कानावर घालणे हाच गुन्हा होता. हे कुलूप तुटले ते गाण्याने नाही. टपालडब्यांत काम करून क्षयाने आजारी झालेला उर्बन वॉल्टर नावाचा लिपिक डेन्व्हर शहरातून 'द हार्पून' नावाचे पत्र काढू लागला. मोडके लाकडी डबे, घाण, अपघात, सगळे त्याने छापले. संघटनांनी ते उचलून धरले. १९१२ साली लॉइड-ला फॉलेट कायदा झाला, आणि टपाल कर्मचाऱ्यांना संघटनेत राहण्याचा व संसदेपुढे गाऱ्हाणे मांडण्याचा हक्क मिळाला. तबकडी निघण्याच्या बारा वर्षे आधीची ही गोष्ट. ती कोणी गायली नाही, पण पुढच्या डाक-लिपिकांच्या पदरात काही पडले ते तिच्यामुळे.

हे सगळे दूरदेशीचे आणि जुने म्हणून सोडून देता येत नाही. १७ जून २०२४ रोजी पश्चिम बंगालमध्ये रंगापानीजवळ मालगाडी कांचनजंगा एक्स्प्रेसवर मागून आदळली. मालगाडीचा लोको पायलट जागीच गेला. त्याच दिवशी रेल्वे बोर्डाच्या वतीने सांगण्यात आले की त्याने सिग्नल मानला नाही. पुढे रेल्वे सुरक्षा आयुक्तांचा अहवाल आला तेव्हा काय दिसले? सकाळपासून स्वयंचलित सिग्नल बिघडलेले होते. गाडी पुढे नेण्यासाठी दिलेला कागदी परवाना योग्य नव्हता आणि बिघडलेले सिग्नल ओलांडताना वेग किती ठेवायचा ते त्यावर लिहिलेले नव्हते. लोको पायलट आणि स्टेशन मास्तर यांना अशा प्रसंगाचे पुरेसे मार्गदर्शन मिळालेले नव्हते, आणि दोष अनेक पातळ्यांवर होता. हा अपघात होण्याची वाटच पाहत होता, असा त्या अहवालाचा सूर होता. पण पहिल्या दिवसाची बातमी पहिल्या पानावर गेली होती. अहवाल आला तोवर लोक दुसऱ्या विषयाकडे वळले होते. ब्रॉडीला निदान गाणे मिळाले.

काही साथी म्हणतील, गाण्या-बजावण्याने काय होते? ज्या महाराष्ट्रात गिरणीत राबलेल्या अण्णाभाऊ साठ्यांनी आणि अमर शेखांनी डफावर थाप मारून मैदाने जागी केली, तेथे हा प्रश्न विचारू नये. गाण्याने आठवण टिकते. आठवण टिकली नाही तर हक्कही टिकत नाही. पण आठवण गाणाऱ्याच्या हाती सोपवून संघटनेने स्वस्थ बसायचे नसते. गाणे वीस वर्षांनी तबकडीवर आले, तोवर ब्रेकचा शब्द हरवला होता, डाक-लिपिकांची नावे गळाली होती आणि नफा भलतीकडे गेला होता. जे त्या आठवड्यातच कागदावर उतरायला हवे होते ते कोणी उतरवले नाही.

म्हणून माझे म्हणणे साधे आहे. तोंडी हुकूम मिळाला तर तो लेखी मागा, लेखी मिळत नसेल तर वेळ आणि नाव यांसह आपल्या डायरीत नोंदवा. अपघात झाला की प्रशासनाच्या निवेदनाबरोबर त्याच दिवशी संघटनेचे निवेदन निघाले पाहिजे : सलग ड्युटी किती तास होती, सिग्नलची अवस्था काय होती, गाडी किती लेट होती आणि वेळ भरून काढायला कोणी सांगितले होते. जबाबावर सही करण्यापूर्वी तो शब्द न् शब्द वाचा. आणि मृतांची यादी करताना इंजिनापासून शेवटच्या डब्यापर्यंतची सगळी नावे लिहा. टपालाचा माणूस, पार्सलचा हमाल, कंत्राटदाराचा सफाईवाला, कोणी सुटता कामा नये.

ब्रॉडीचा हुकूम गाण्याने जपला. आपल्याला मिळणारे हुकूम जपायला आपल्याकडे डायरी आहे आणि संघटनेचा कागद आहे.